गड्डा

यंदाही कोबीने गड्डा धरला नाही.
एलोदिया उलट्या बादलीवर बसली आहे,
पाठ माझ्याकडे.
मी दोरीच्या झोळीतूनच विचारतो,
काय गं, आला का?
आला, म्हणते. डेंगळा आला.

मेरिदातल्या आमच्या परसात माती वीतभर,
खाली पांढरा चुनखडी दगड.
कुदळ मारली की दात शिवशिवतात.
म्हणून रंगाच्या रिकाम्या बादल्या, सोळा,
बुडाला तापल्या खिळ्याची भोकं
(खिळा मी तापवला, हे कुणी सांगत नाही).
बी तिहुआनाच्या मावसबहिणीकडून,
वाढदिवसाच्या कार्डाच्या घडीत चिकटवलेलं.
वाढदिवस जूनमध्ये असतो, कार्ड सप्टेंबरात येतं.

पेरायचं ऑक्टोबर सरता सरता,
वादळांचं येणंजाणं थांबल्यावर,
आंबट संत्र्याच्या सावलीत, वर जुनी मच्छरदाणी.
डिसेंबरात उत्तरेचा वारा सुटतो
दोन दिवस, फार तर तीन.
आम्हाला स्वेटर सापडेपर्यंत तो गेलेला असतो.
तेवढ्यात म्हणे पानांनी
आत वळायचं ठरवायला हवं.
तीन दिवसांत कोण काय ठरवतं?
मला हो म्हणायला हिने दोन वर्षं लावली.

तिने गड्डा पाहिलाय तो दुकानात,
प्लास्टिकात गुंडाळलेला,
किंमत वाचून परत ठेवलेला.
बाकी सगळं पणजोबांचं, दोन तोंडं फिरून आलेलं:
तान्ह्या मुलाएवढा जड,
वरून हिरवा, आत जाल तसा पिवळा,
दाताखाली नव्या चपलेसारखा करकरणारा.
पणजोबा कोरियातून बोटीने आले घायपात कापायला.
दिवसाला किती पाती, ते घरात कुणाला आठवत नाही,
घाय आठवतात.
धक्क्यावरच्या कारकुनाने किम ऐकलं, किन लिहिलं.
माझ्या आईच्या माया भाषेत किन म्हणजे सूर्य.
तर अशी ही सूर्याची पणती,
जानेवारीच्या भर दुपारी
माझ्या सरबतातला बर्फ काढून
कोबीच्या मुळाशी ठेवते.

एक बादली इग्वानाने खाल्ली.
भिंतीवर बसून, डोळे मिटून, देवळात बसल्यासारखी.
एलोदियाने चप्पल फेकली.
चप्पल अजून दोन उबाल्दोच्या छपरावर आहे.

यंदा तिने नवं काढलं.
ताटाएवढी पानं झाली तेव्हा
ती दोन्ही हातांनी गोळा करून
घायपाताच्या सुतळीने बांधली,
शाळेत निघालेल्या पोरीचे केस बांधावेत तशी.
पंधरा बादल्या, पंधरा शेंड्या.
मी मनात म्हटलं, हा दोर
हिच्या घरच्यांना पुरता ओळखतो.
बोललो नाही. ती गाठी मारत होती.

फेब्रुवारीत ऊन तडकलं
आणि शेंड्यांमधून दांडे वर आले,
टोकाला पिवळी फुलं,
इतकी पिवळी की लाज वाटावी.
उबाल्दोच्या ओंडक्यातल्या, डंख नसलेल्या माश्या
सकाळपासून इथेच पडून आहेत.

आता ती उठते, सुरी घेते.
तेरा बादल्या कापते. पानं, दांडे, फुलं,
सगळं मिठात, मग आंबट संत्र्याचा रस, हाबानेरो.
हे किमची नाही, मी म्हणतो.
मग काय आहे? ती म्हणते.
मला उत्तर येत नाही.
फेर्मीन, चाव, म्हणत सोललेला दांडा पुढे करते.
चावतो.
करकरला?
करकरला. नवी चप्पल नाही, पण
वर्षभर वापरलेली म्हण.

दोन बादल्या तिने बियांसाठी ठेवल्या.
एका झाडाने भागत नाही, दोन लागतात, सांगते,
जसं काही मला माहीत नाही.
ते बी इथलंच असेल.
त्याला गड्ड्याबद्दल कुणी काही सांगितलेलं नसेल.

दोन्ही झाडांच्या कमरेला सुतळी तशीच आहे.
सोडू का, विचारतो.
राहू दे, म्हणते, वारा आहे.
वारा कुठे आहे?
मी झोळीत परत आडवा होतो.